बहिणीचे शब्द

मांगेरे, ऑकलंड
५ फेब्रुवारी २०१७

प्रिय आत्या,

पिंपातले टॉवेल आणि बीफचे डबे काढलेत की तळाशी साखरेच्या पिशवीला चिकटवलेलं हे पत्र सापडेल. चिकटपट्टी जरा जास्त झालीय. साखर सांडेल याचीही काळजी वाटली आणि पत्र हरवेल याचीही.

तुम्ही म्हणता, फोनवर मी नुसती 'हो आत्या, हो आत्या' करते आणि खरं काय ते कागदावरच उतरतं. म्हणून कागदावर सांगते. मी नाटक सोडलं.

रागावू नका, शेवटपर्यंत वाचा. इतकी वर्षं मी इथल्या चर्चच्या मंडळीच्या नाटकांत म्हाताऱ्या केल्या. बाजारात लोक मला 'काय म्हातारे!' म्हणून हाक मारतात. सगळ्या म्हाताऱ्या सारख्याच असतात. झाडूने मारायचं, बायबलमधलं काहीतरी चुकीचं सांगायचं आणि शेवटी खुर्चीवरून पडायचं. मला पडता छान येतं. पण गेल्या नाताळात पडता पडता मनात आलं, ही बाई पडायच्या आधी काय करत होती? ते नाटकात कुठेच नव्हतं. मग घरी येऊन ते मीच लिहायला बसले. लिहिता लिहिता म्हातारी तरुण झाली, आणि आता ती वीस मिनिटांच्या सिनेमाची पटकथा आहे. कलेसाठी मदत देणाऱ्या इथल्या एका संस्थेला ती आवडली. आमच्या मंडळीतला मालाकाई दिग्दर्शन करणार आहे. निर्माती मी, कारण दुसरं कोणी तयार झालं नाही.

गोष्ट साधी आहे. चर्चच्या हॉलमध्ये नाचाची तालीम चालते, तिथे एक मुलगी आणि एक मुलगा. शेवटी ती त्याला मनातलं सांगते. बस्.

माझी काळजी केलेपीची आहे. व्हॅन त्याची, सामान तो वाहणार, हॉलची किल्ली तो आणणार. सिनेमा कशाबद्दल आहे हे त्याने एकदाही विचारलं नाही, आणि मी सांगू शकत नाही. लहानपणी टीव्हीवर नायक नायिकेच्या जवळ सरकला की तो पाणी प्यायला उठायचा. आई म्हणायची, या पोराच्या पोटात समुद्र झाला असेल. माझ्या नाटकांना तो पहिल्या रांगेत बसून डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसायचा. पण म्हाताऱ्यांचे शब्द माझे नव्हते. हे माझे आहेत. आपल्या बेटांच्या रीतीत बहिणीने लिहिलेलं असलं प्रेमाचं काही भावाने बसून कसं ऐकायचं? आणि ज्याच्या खांद्यावरून सगळं सामान जाणार त्यानेच सिनेमा बघायचा नाही, हे मला सहन होत नाही.

काल तुमचा नाचाच्या पोशाखातला मोठा फोटो पुसला. तेव्हा एक गंमत आठवली. रविवारी जेवणं झाली की काका मंडळी बाबांना तुमच्या गावच्या फिनेआसींचं ते वाऱ्याचं गाणं म्हणायला लावायची. बाबा आधी केलेपीला खुर्चीवर चढवून तुमचा फोटो भिंतीकडे वळवायला सांगायचे. गाणं संपलं की परत सरळ. आम्ही लोळून हसायचो. आई म्हणायची, बहिणीची नजर एवढी कडक की फोटोतूनसुद्धा यांचा सूर चुकतो.

एक विनंती आहे. आम्हा दोघांची नावं तुम्ही ठेवलीत, तो तुमचाच मान. या सिनेमाचं नावही तुम्हीच ठेवा.

तुमची,
लेसिएली


निआफू, वावाऊ
२३ मार्च २०१७

लेसी पोरी,

पिंप पोचलं. चिकटपट्टी ओढता ओढता पिशवी फाटली, त्यामुळे तुझं पत्र माझ्याआधी मुंग्यांनी वाचलं.

नाटक सोडलंस ते बरं झालं. मागे तू पाठवलेली चित्रफीत पाद्रीबाईंनी सगळ्यांना दाखवली होती. त्यातली म्हातारी चालते तशी मी चालते, असं शेजारची लुसेआने म्हणाली. मी म्हटलं, माझी भाची आहे, दुसऱ्या कोणाची चाल उचलणार? पण रात्री पायांकडे बघत बसले. खरंच तशी चालते का गं मी?

निर्माती म्हणजे काय करते? लुसेआने म्हणते, ती पैसे देते. मी म्हटलं, मग ती आमची लेसी नव्हे.

नावाचं म्हणशील तर पोटातल्या मुलाचं नाव मी ठेवत नाही. तुझंही ठेवलं नव्हतं. तुझ्या आईने डोकं खाल्लं, तरी मी म्हटलं, आधी येऊ दे, रडू दे, कोणासारखं तोंड आहे ते बघू दे. याचंही तसंच.

केलेपीबद्दल नंतर लिहीन. विचार करायला हवा.

तो फोटो वळवायचा म्हणतेस, तो सगळ्याच गाण्यांना की त्या एकाच? आणि हे तुम्ही तिकडे गेल्यावरच सुरू झालं का? चौकट जुनी आहे, सारखी वळवून सांधे ढिले झाले असतील, म्हणून विचारते.

व्हॅनिलाच्या शेंगा अजून हिरव्या आहेत. माझा गुडघा मात्र पिकला.

आत्या


मांगेरे
७ मे २०१७

प्रिय आत्या,

चौकटीचे सांधे नीट आहेत, मी तपासले. फोटो बाबा त्या एकाच गाण्याला वळवायला लावायचे. बाकी गाणी ते तुमच्याकडे बघत खुशाल म्हणायचे, खालच्या पट्टीतली चावट गाणीसुद्धा. आईला विचारलं. ती म्हणते, इथे आल्यावर पहिल्याच रविवारपासून, भिंतीत खिळा ठोकल्या दिवसापासून. तिने एकदा कारण विचारलं, तेव्हा म्हणाले, 'ती समोर असली की हे गाणं म्हणायचं नसतं.' आईला वाटलं, त्या गाण्यावरून तुमचं दोघांचं कधीतरी भांडण झालं असेल. झालं होतं का? मी विचारायला नको होतं का? चुकलं असेल तर सोडून द्या.

निर्माती म्हणजे काय ते आता कळलंय. जे काम कोणाचंच नसतं ते तिचं. मी पाद्रींकडून हॉल मागितला. पाद्री म्हणाले, 'नाच आहे ना? प्रार्थना आहे का त्यात?' मी म्हटलं, 'सुरुवातीला आहे.' नव्हती. घरी येऊन लिहिली. आता खरंच आहे, आणि चांगली झालीय. स्वयंपाकाला मेलेसेनीआजी आणि तिच्या दोन बहिणी आहेत. त्यांनी पहिल्याच दिवशी अळूच्या पानांत मटण बांधून एवढं केलं की दुपारनंतर दिग्दर्शकासकट सगळी मंडळी झोपली.

नायिका वासिती, रुग्णालयात परिचारिका आहे. नायक होपोआते, रग्बी खेळतो, खांदे दारात मावत नाहीत पण डोळे चांगले आहेत. आधी मेलेसेनीआजीला दोघांची घराणी विचारून घेतली. तिने बोटांवर पणजोबांपर्यंत मोजलं आणि म्हणाली, 'नाही लागत भाऊबहीण. घे.' तेव्हा कुठे मला झोप लागली.

केलेपीसाठी मी वेळापत्रक असं केलंय की मनातलं सांगायचा प्रसंग शनिवारी दुपारी, आणि शनिवारी दुपारी त्याला भाड्याच्या खुर्च्या परत करायला पाठवायचं. त्याच्या कानावर एक शब्दही पडणार नाही. वेळापत्रक चार वेळा तपासलंय.

सिनेमा तयार झाल्यावरचं काय ते मात्र अजून सुचत नाही.

तुमची,
लेसिएली


मांगेरे
२५ जून २०१७

प्रिय आत्या,

तुमचं उत्तर आलं नाही. गुडघा वाढलाय का? की मी विचारू नये ते विचारलं? तसं असेल तर हेही वाचू नका. पण वाचा.

जे व्हायला नको होतं ते झालं.

आठ दिवसांपूर्वी, शनिवारी सकाळी पाद्रींचा निरोप आला की मंडळीत मयत झालंय, दुपारी गायकमंडळींना सरावाला हॉल हवा. मी लगेच सगळी कामं उलटसुलट केली. जेवणाची वेळ बदलली, वासितीला रुग्णालयातून लवकर सोडवलं, दुपारचा प्रसंग सकाळी आणला. सगळ्यांचा विचार केला, आत्या. केलेपी हॉलमध्येच आहे, एवढं एकच विसरले. दिवा धरणारा पोहोचला नव्हता, म्हणून मालाकाईने त्यालाच दिवा धरायला उभं केलं होतं. मी स्वयंपाकघरात आजीशी जेवणाचं बोलत होते.

आतून वासितीचा आवाज आला. 'तू तालमीला नसलास की माझे हात चुकतात. मला तुझ्याशिवाय करमत नाही.'

मी धावत आले तेव्हा केलेपी दिवा खाली ठेवत होता. निजलेलं मूल ठेवावं तसा, हळू. मग मान खाली घालून बाजूच्या दाराने निघून गेला. वासितीच्या तोंडावर अंधार.

मालाकाई ओरडला, 'दिवा कुठे गेला?'

होपोआते म्हणाला, 'दिवा पाणी प्यायला गेला.' दोघंतिघं हसली. मेलेसेनीआजी हसली नाही. दारात हात पुसत उभी होती. मला एवढंच म्हणाली, 'भावाला ऐकवलंस?'

दुसऱ्या दिवशी व्हॅन दाराशी उभी, किल्ली चाकावर ठेवलेली. तो नाही. रोज तसंच. तो रागावला असता तर मी पाया पडले असते. पण तो रागावलेला नाहीच. त्याने माझा मान राखला, आणि म्हणूनच मला त्याच्यासमोर जाता येत नाही.

मी ठरवलंय. पटकथेवरून माझं नाव काढते. मालाकाईला विचारलं, 'लेखक म्हणून तुझं नाव घालू?' तो म्हणाला, 'घाल, मला काय! आई खूश होईल.' मग शब्द परक्या माणसाचे होतील आणि केलेपीला सगळ्यांबरोबर बसता येईल. सत्य काय ते त्याला आता माहीत आहे, पण नाव दुसऱ्याचं असलं की त्याला माहीत नसल्यासारखं वागता तरी येईल. मी निर्माती म्हणून राहीन, खुर्च्या मोजीन. मला तेवढं पुरे.

पुरे आहे असं लिहिलंय खरं. कळवा काय ते.

तुमची,
लेसिएली


निआफू
१४ जुलै २०१७

लेसी,

नाव काढू नकोस. कारण सांगते, आणि एकदाच सांगते.

ते वाऱ्याचं गाणं फिनेआसीचं नाही. माझं आहे.

मी एकोणीस वर्षांची होते. कोणासाठी केलं ते विचारू नकोस, तो माणूस पुढे जाड झाला आणि गेला. गाणं झालं, चालही झाली, पण ते म्हणावं तर तुझ्या बापानेच. अख्ख्या वावाऊत तसा गळा नव्हता. आणि बहिणीचं असलं गाणं भाऊ कसा म्हणणार? म्हणून मी ते फिनेआसीला दिलं. त्याला गिटारवर तीन सूर यायचे. त्याने असं गाणं केलं यावर गावाने विश्वास कसा ठेवला, हे मला अजून कळलेलं नाही. तुझ्या बापाने ते उचललं. पुरुष मंडळी कावा प्यायला बसली की त्यांच्या घरावरून रस्ता जायचा. मी पाण्याचं निमित्त काढून तिथून जायचे. माझे शब्द, माझ्या भावाच्या गळ्यातून. मला वाटायचं त्याला माहीत नाही. चाळीस वर्षं वाटत होतं.

मग तुझं पिंप आलं.

मेमधलं पत्र वाचून मी ते घडी घालून व्हॅनिलाच्या फडक्यात ठेवलं आणि शेंगा वाळवत बसले. शेंगा रोज उन्हात घालायच्या, रोज गुंडाळायच्या, त्यात उत्तर राहिलं म्हणायला हरकत नाही. पण खरं म्हणजे लिहिता येत नव्हतं. त्याला माहीत होतं, लेसी. कोणी सांगितलं नसणार. माझ्याच हातचं जेवून वाढला, त्याला माझे शब्द ओळखू येणार नाहीत?

मग नाव काढून मी काय मिळवलं? ज्याच्यापासून लपवलं त्याला कळलं. बाकी सगळ्यांना कळलं नाही. फिनेआसीच्या मयताला बँडने तेच गाणं वाजवलं. मी कमरेला शोकाची चटई गुंडाळून मागे बसले होते, हमसून हमसून रडले. बायका म्हणाल्या, सेनोलिताला फिनेआसीचं किती वाईट वाटलं बघा. रेडिओवर अजून त्याचंच नाव सांगतात. परवा मी रेडिओवर ओलं फडकं फेकलं. आता तो खरखरतो.

दुसरी गोष्ट. तुझी ती मुलगी काय म्हणते? 'तुझ्याशिवाय करमत नाही'? बाजारात मासे विकतेय का ती, की ओरडून सांगावं? हाच भाव, घ्यायचा तर घ्या! आपल्याकडे असं कोणी बोलतं? माझ्या गाण्यातली पोरगी एक शब्द बोलत नाही. ती आपल्या जागेवरून उठते आणि वाऱ्याच्या बाजूला जाऊन बसते. तिच्या गळ्यातल्या माळेचा वास त्याच्याकडे जातो. संपलं. ऐकणाऱ्याला कळायचं ते कळतं, आणि ज्याने कळवून घ्यायचं नाही त्याला म्हणता येतं, काही नाही, पोरगी जागा बदलून बसली. हे तुला मी शिकवलं होतं. नाच शिकवताना तुझ्या बोटांवर पट्टी मारायचे ती कशासाठी? हाताने सगळं सांगून टाकायचं नसतं म्हणून.

भावासाठी नाही, गोष्टीसाठी बदल. आणि नाव तुझंच ठेव.

आत्या


मांगेरे
२७ ऑगस्ट २०१७

प्रिय आत्या,

तुमचं पत्र मी तुमच्या फोटोसमोर बसून दोनदा वाचलं. आईला काही सांगितलं नाही. आधी तुमची परवानगी हवी.

तो प्रसंग मी परत लिहिला. हॉलमध्ये वारा कुठला, म्हणून पंखा घातला. तालमीच्या मधल्या सुट्टीत सगळे जमिनीवर बसलेत, पंखा चालू आहे, मुलगी एका कोपऱ्यात, मुलगा दुसऱ्या. ती उठते, पंख्याच्या पुढ्यात जाऊन बसते. एवढंच.

केलेपीच्या घरी निरोप ठेवला: 'शनिवारी तोच प्रसंग परत घेतोय. आता त्यात कोणी काही बोलत नाही.' तीनदा खोडून लिहिला.

शनिवारी तो आला. घरचा उंच पंखा खांद्यावर. माझ्याकडे न बघता म्हणाला, 'ऐकलं, पंखा लागणार आहे. तोंड कुठे करायचं?'

सिनेमाबद्दल त्याने विचारलेला हा पहिला प्रश्न, आत्या.

मी म्हटलं, 'मुलीच्या मागून. मुलाकडे.'

'मुलाला थंडी वाजेल.'

'वाजू दे.'

त्याने पंखा लावला, मग जाऊन स्वतःच दिवा उचलला. मालाकाईने माझ्याकडे बघितलं, मी भिंतीकडे. वासिती उठली, चालत आली, बसली. होपोआतेने मान वर केली, एवढ्या मोठ्या खांद्यांचा माणूस एकदम लहान दिसायला लागला. कोणी हललं नाही. दिवाही हलला नाही.

मालाकाई म्हणाला, 'झालं! उत्तम!'

तेव्हा केलेपी दिव्याच्या खांबाला उद्देशून म्हणाला, 'माळ प्लास्टिकची आहे. वास कसा येणार?'

मेलेसेनीआजी दारातून म्हणाली, 'बरोबर बोलतोय पोरगा.' तो किल्ली घेऊन गेला आणि इथल्या ऑगस्टच्या गारठ्यात कुठून कोण जाणे, खऱ्या फुलांची माळ घेऊन आला. ती टेबलावर ठेवली, परत जाऊन दिवा धरला. दुसऱ्यांदा घेतलेलंच सिनेमात आहे.

नाव माझंच ठेवलंय. मालाकाईची आई नाराज आहे. आता राहिलं ते दाखवण्याचं. निर्मातीने सगळ्यांना एका जागी बसवायचं असतं, पण मी दोन खेळ ठेवतेय. शुक्रवारी एक, त्याला मी असेन. शनिवारी दुसरा, त्याला मी घरी असेन. कारण पत्रिकेत लिहिणार नाही. ज्यांना कळायचं त्यांना कळेल. तो येईल की नाही माहीत नाही. विचारता येत नाही.

अजून एक विचारायचं आहे, नाही म्हणालात तर नाही. बाबांच्या आवाजातली त्या गाण्याची कॅसेट आमच्याकडे आहे. ती सिनेमाच्या शेवटी, नावं येतात तेव्हा लावू का? आणि लावली तर खाली नाव कोणाचं लिहू? फिनेआसींचं लिहिणं माझ्याने होणार नाही. तुमचं लिहिणं तुमच्या परवानगीशिवाय होणार नाही. दोन्ही नको असेल तर गाणंच लावत नाही.

आणि सिनेमाचं नाव. आता तो रडतोय, आत्या. तोंड दिसतंय.

तुमची,
लेसिएली


निआफू
३ ऑक्टोबर २०१७

लेसी,

गाणं लाव. नाव माझं लिही. पूर्ण लिही, सेनोलिता एवढंच नको, नाहीतर लुसेआने म्हणेल, तिच्या सेनोलिता नावाच्या चुलत बहिणीने केलं.

लिहायला आधी घाबरले होते, हे सांगून टाकते. मग विचार केला, आता कोणासाठी लपवायचं? माझा फोटो वळवणारा राहिला नाही.

सिनेमाचं नाव 'वाऱ्याच्या बाजूला'. गाण्यातलंच आहे, उसनं नाही, माझंच माझ्याकडून घेतलंय.

केलेपी आला नाही तर रडू नकोस. आला तरी त्याच्यासमोर रडू नकोस. बिचाऱ्याला परत पाणी प्यायला जावं लागेल.

शेंगांची पुडी पाठवते. निम्म्या पाद्रींना दे, त्या प्रार्थनेबद्दल.

आत्या


मांगेरे
३ डिसेंबर २०१७

प्रिय आत्या,

दोन्ही खेळ झाले.

शुक्रवारी हॉल भरला, मागे लोक उभे होते. केलेपी बाहेर गाड्या लावून देत होता. पंख्याच्या प्रसंगाला बायकांच्या बाजूने एक लांब 'आऽऽय' आलं आणि सगळा हॉल हसला. चुकीचं हसणं नव्हतं. शेवटी बाबांचा आवाज आला तेव्हा आईने माझा हात धरला. पडद्यावर 'शब्द आणि चाल' आणि खाली तुमचं पूर्ण नाव. कावावाल्या म्हाताऱ्यांच्या रांगेतून कोणीतरी मोठ्याने म्हणालं, 'म्हणजे फिनेआसीचं नव्हतं?' दुसरा म्हणाला, 'मी तेव्हाच म्हटलं होतं, त्याला तीन सूर यायचे!' आता सगळेच तेव्हाच म्हणाले होते.

शनिवारी मी घरी होते. इस्त्री केलेल्या कपड्यांना परत इस्त्री केली. खेळ संपायची वेळ झाली, लोक परत जाण्याची वेळ झाली, फोन केला नाही. केलेपीचाही आला नाही.

सोमवारी हॉल आवरायला गेले. पडद्याशेजारी संस्थेने लावलेलं चौकटीतलं मोठं पोस्टर होतं, त्यावर माझा चेहरा. मला नको होतं, पण ते म्हणाले, तुला लोक ओळखतात. खाली 'लेखन आणि निर्मिती' आणि माझं नाव. मेलेसेनीआजी झाडत होती. मी विचारलं नाही, तीच म्हणाली.

'तुझा भाऊ आला होता शनिवारी. अंगावर चर्चचे कपडे. सगळे बसले, दिवे घालवणार, तेवढ्यात हा उठला आणि सरळ पुढे गेला. आम्हाला वाटलं, निघाला. तर तुझं पोस्टर खिळ्यावरून काढलं, भिंतीकडे तोंड करून परत टांगलं आणि येऊन बसला. पोरं हसली. मी म्हटलं, गप्प बसा. पंख्याच्या वेळी तोही हसला गं, पोट धरून. संपल्यावर सगळे बाहेर पडले तरी हा बसलेलाच. मग गेला, पोस्टर सरळ केलं, बाहीने पुसलं.'

मी तिथे रडले नाही. घरी येऊन रडले. केलेपी समोर नव्हता, म्हणजे तुमचं ऐकलं.

पोस्टर घरी आणलंय. काल जेवणं झाल्यावर तो आला, पंखा न्यायला. मी तुमच्या फोटोखाली पोस्टर धरून उभी होते, कारण भिंतीत खिळा एकच.

तो म्हणाला, 'दे, दुसरा ठोकतो.'

'कुठे?'

त्याने तुमच्या फोटोकडे बघितलं, मग शेजारच्या मोकळ्या जागेवर बोट ठेवून उंची मापली.

'इथे. खुर्ची न घेता हात पोचेल असा.'

तुमची,
लेसिएली